झाडासकट पक्षी

1722 च्या मे महिन्यात अमेरिकेतल्या दक्षिण कॅरोलिना वसाहतीच्या चार्ल्सटाउन बंदरात मार्क केट्सबी नावाचा इंग्रज उतरला. वय 39. पदवी नव्हती, नोकरी नव्हती, मागे बायकामुलं नव्हती. बरोबर चित्रांचे कागद, जलरंग, कुंचले आणि वनस्पती दाबून वाळवायचं सामान होतं. लंडनमधल्या काही धनवंतांनी आणि विद्वानांनी वर्गणी काढून त्याला धाडलं होतं. या नव्या मुलखात जे उगवतं, उडतं, पोहतं, सरपटतं ते पाहायचं, त्याचे नमुने इंग्लंडला पाठवायचे आणि जे पाठवता येणार नाही ते कागदावर उतरवायचं, एवढंच त्याचं काम.

ते काम पुरं व्हायला पंचवीस वर्षं लागली. त्यातून उभा राहिलेला ग्रंथ म्हणजे ‘द नॅचरल हिस्टरी ऑफ कॅरोलिना, फ्लोरिडा अँड द बहामा आयलंड्स’. उत्तर अमेरिकेतल्या वनस्पती आणि प्राण्यांचा हा पहिला सचित्र छापील ग्रंथ. दोन खंड, एक पुरवणी, हातानं रंगवलेली 220 चित्रं. पक्ष्यांच्या चित्रांसाठी जगभर ज्याचं नाव घेतलं जातं त्या जॉन जेम्स ऑड्युबॉनचा ग्रंथ निघू लागला 1827 मध्ये, म्हणजे केट्सबीनंतर जवळपास शंभर वर्षांनी. तरीही ऑड्युबॉनचं नाव सर्वांना ठाऊक आणि केट्सबीचं फक्त अभ्यासकांना, असं होऊन बसलं आहे. ही उपेक्षा मला सलते, कारण पक्षी काढायचा तर त्याचं झाड, त्याचं खाणं, त्याचं घर यांच्यासकट काढायचा, हा धडा इंग्रजी ग्रंथचित्रणाला याच माणसानं घालून दिला.

एसेक्समधली बाग

केट्सबीचा जन्म 1683 चा, एसेक्स परगण्यातल्या कॅसल हेडिंगहॅम गावचा. वडील जॉन केट्सबी हे जवळच्या सडबरी गावचे वकील आणि जमीनदार. त्या गावाचं महापौरपदही त्यांनी भूषवलं होतं. पण मार्कच्या आयुष्याला वळण मिळालं ते आजोळी. मामा निकोलस जेकिल यांना झाडांचा नाद होता, आणि त्यांच्या ओळखीपाळखीत जॉन रे हे मोठं नाव होतं. ब्लॅक नॉटली या लहानशा गावात एका लोहाराच्या घरी जन्मलेल्या रे यांनी वनस्पतींच्या वर्गीकरणाला शास्त्रशुद्ध पाया दिला. ‘प्रजाती’ कशाला म्हणायचं हे नेमक्या शब्दांत मांडणारे पहिले अभ्यासक तेच. 1705 मध्ये रे वारले तेव्हा केट्सबी बाविशीत होता. रे यांचे शेजारी आणि शिष्यवत स्नेही सॅम्युएल डेल हे ब्रेनट्रीचे औषधविक्रेते. पुढे केट्सबीचे खरे पाठीराखे तेच ठरले.

वडिलांच्या पश्चात पोटापुरतं उत्पन्न हाती आलं आणि केट्सबीला जग पाहायचे वेध लागले. त्याची बहीण एलिझाबेथ हिचं लग्न डॉ. विल्यम कॉक यांच्याशी झालं होतं आणि ते व्हर्जिनिया वसाहतीत मोठ्या हुद्द्यावर चढत होते. 1712 च्या एप्रिलमध्ये केट्सबी बहिणीबरोबर विल्यम्सबर्गला पोचला आणि सात वर्षं तिथंच राहिला. वेस्टओव्हरचे बडे जमीनमालक विल्यम बर्ड यांच्या रोजनिशीत हा पाहुणा भेटतो. बागेत, दलदलीत, पक्ष्यांच्या मागे भटकताना दिसतो. 1714 मध्ये त्यानं जमेकाचीही फेरी केली. अधूनमधून बिया, वाळवलेली पानं, मातीच्या कुंड्यांतली रोपं तो डेलना आणि लंडनजवळच्या हॉक्स्टनचे रोपवाटिकाकार थॉमस फेअरचाइल्ड यांना पाठवत असे.

पण हे सारं हौसेखातर. ती सात वर्षं आपण शिस्तीनं वापरली नाहीत, याची खंत त्यानं पुढे आपल्या ग्रंथाच्या प्रस्तावनेत स्पष्ट नोंदवली. 1719 मध्ये तो इंग्लंडला परतला तेव्हा त्याच्याकडे थोडीशी चित्रं होती आणि डोक्यात न पाहिलेल्या मुलखाचा विचार होता. डेलनी ती चित्रं विल्यम शेरार्ड यांच्यापर्यंत पोचवली. स्मर्ना इथं वाणिज्यदूत राहिलेले शेरार्ड इंग्लंडातले अव्वल वनस्पतिज्ञ. त्यांनी आपलं वजन खर्च केलं. रॉयल सोसायटीच्या वर्तुळातले सर हॅन्स स्लोन, डॉ. रिचर्ड मीड, ड्यूक ऑफ शँडॉस असे मातबर पुढे आले. दक्षिण कॅरोलिनाचे गव्हर्नर म्हणून निघालेले फ्रान्सिस निकोल्सन यांनी वर्षाला 20 पौंड द्यायचं कबूल केलं.

साल सोलून बांधलेली खोपटं

केट्सबीची कामाची पद्धत साधी आणि पक्की होती. एका ठिकाणी एका ऋतूत एकदाच जायचं, दुसऱ्यांदा गेलं तर वेगळ्या ऋतूत. एका वसंतात किनाऱ्याजवळच्या भातखाचरांत, तर पुढच्या वसंतात नद्यांच्या उगमाकडे. त्यामुळे फुलाबरोबर फळ आणि पिल्लाबरोबर पूर्ण वाढलेला पक्षी पाहायला मिळे. सवाना नदीवरचं फोर्ट मूर हे वसाहतीच्या सीमेवरचं ठाणं. तिथून तो स्थानिक इंडियन शिकाऱ्यांबरोबर आत शिरे. कागद, रंग, वाळवलेली पानं आणि बिया भरलेली पेटी उचलायला त्यानं एक इंडियन माणूस ठेवला होता.

या मंडळींचं ऋण त्यानं प्रस्तावनेत मोकळेपणानं मान्य केलं आहे. ते शिकार करत, त्यावर याचं पोट चाले. आभाळ भरून आलं की ते आधी झाडाची साल काढून खोपट उभारत आणि मग केट्सबीला आणि त्याच्या सामानाला आत घेत. त्याच्या कागदांवर पावसाचा थेंब पडला नाही, याचं श्रेय त्या माणसांना आहे. ग्रंथात त्यांची नावं मात्र कुठंच नाहीत.

चित्र काढण्याचे नियमही त्यानं स्वतःला घालून घेतले होते. वनस्पती ताजी, नुकती खुडलेली असतानाच काढायची. पक्षी शक्यतो जिवंत असताना रंगवायचा, म्हणजे त्याची बसण्याची, मान वळवण्याची ढब हाती येते. माशांनी मात्र त्याची परीक्षा घेतली. पाण्याबाहेर काढलेल्या माशाचे रंग बघता बघता उतरतात. केट्सबी त्याच जातीचे ताजे मासे एकापाठोपाठ एक आणवत असे. एकाचा रंग उडाला की दुसरा समोर, तो फिका पडला की तिसरा. ग्रंथातला निळा-पिवळा मासा अशा कित्येक माशांच्या शेवटच्या काही मिनिटांतून तयार झाला आहे.

जंगलातलं सोडा, घरातही जीव सुखरूप नसे. 1723 च्या फेब्रुवारीत तो कर्नल ब्लेक यांच्या घरी मुक्कामाला होता. सकाळी अंथरुणातून उठून तो बाहेर आला. काही मिनिटांत बिछाना आवरायला गेलेली गुलाम स्त्री ‘साप, साप’ ओरडत धावत आली. रात्रभर ज्या पांघरुणात तो झोपला होता त्यातच एक रॅटलस्नेक, शेपटीचा खुळखुळा वाजवत, फणफणत पडला होता. थंडीत ऊब शोधत तो आत शिरला असावा, असं केट्सबीनं लिहून ठेवलं आहे. भीतीचं वर्णन करायच्या ऐवजी त्यानं सापाच्या सवयीचं कारण नोंदवलं. त्याच्या लिखाणाचा पिंड असा आहे.

दक्षिण कॅरोलिनात त्या काळी गोऱ्यांपेक्षा आफ्रिकेतून पकडून आणलेल्या गुलामांची संख्या जास्त होती. भाताची शेती त्यांच्याच श्रमांवर उभी होती. केट्सबीच्या ग्रंथात त्यांच्या ज्ञानाची एक विलक्षण नोंद आहे. स्टोनो नावाच्या ठिकाणी जमीन खणताना तीन-चार प्रचंड दात सापडले. हे कुठल्या प्राण्याचे, असा प्रश्न पडला. आफ्रिकेत जन्मलेल्या जेवढ्या गुलामांनी ते पाहिले त्या सगळ्यांनी एकच उत्तर दिलं: हत्तीच्या दाढा. केट्सबीला ते पटलं, कारण त्यानं आफ्रिकेतून आलेल्या तशाच दाढा पाहिल्या होत्या. अमेरिकेत तर हत्ती नव्हतेच. त्या दाढा हत्तीच्याच कुळातल्या, केव्हाच नामशेष झालेल्या मॅमथच्या होत्या. अमेरिकेतल्या पृष्ठवंशी प्राण्याचा जीवाश्म नेमका ओळखल्याची ही सर्वांत जुनी नोंद मानली जाते. युरोपातले पंडित असल्या हाडांना प्रलयात बुडालेल्या राक्षसांचे अवशेष ठरवत होते, तेव्हा बेड्यांतल्या माणसांनी नुसत्या नजरेनं बरोबर उत्तर दिलं होतं. केट्सबीनं ते उत्तर त्यांच्याच पदरी घातलं, हे त्याचं मोठेपण. ज्या व्यवस्थेनं त्या माणसांना बेड्या घातल्या तिच्याच पैशावर त्याची सफर चालली होती, हेही विसरता येत नाही. शँडॉस गुलामांचा व्यापार करणाऱ्या रॉयल आफ्रिकन कंपनीत गुंतलेले होते आणि स्लोन यांच्या घरात जमेकातल्या ऊसमळ्यांचा पैसा येत होता. या ग्रंथाकडे पाहताना ही दोन्ही सत्यं बरोबर ठेवावी लागतात.

वर्गणीदारांचा तगादा वेगळाच. प्रत्येकाला आपल्या बागेसाठी आणि संग्रहासाठी स्वतंत्र पेटी हवी होती. एकाला बिया, दुसऱ्याला शंख, तिसऱ्याला साप. प्रत्येकाला वेगळा संग्रह पाठवावा लागेल अशी आपली कल्पना नव्हती, असं त्यानं शेरार्डना पत्रातून कळवलं होतं. पॅकिंग आणि पत्रव्यवहारात जाणारा दिवस चित्रातून वजा होत होता.

1725 मध्ये तो बहामा बेटांवर गेला आणि गव्हर्नर जॉर्ज फिनी यांच्याकडे उतरला. तिथं त्याला रंगीबेरंगी मासे, खेकडे, कासवं आणि रोहित (फ्लेमिंगो) पक्षी भेटले. ठाण्याच्या खाडीत किंवा उजनीच्या पाण्यावर रोहित पाहिलेल्या वाचकानं केट्सबीचं चित्र जरूर पाहावं. त्याचा रोहित आपल्याकडच्यापेक्षा वेगळ्या जातीचा, अधिक लालभडक. पाण्यात मान खाली घालून, चोच उलटी करून खाण्याची या पक्ष्याची तऱ्हा त्यानं बारकाईनं वर्णिली आणि वाकड्या चोचीच्या कडेची दातेरी रचना दाखवण्यासाठी नुसत्या डोक्याचं वेगळं मोठं चित्र काढलं.

तांब्याचा पत्रा आणि सुई

1726 मध्ये तो लंडनला परतला. चित्रं पाहून सगळ्यांनी वाहवा केली, पण छापायची कशी? त्या काळी चित्र छापायचं म्हणजे ते आधी तांब्याच्या पत्र्यावर कोरून घ्यावं लागे, आणि त्या कामाचे चांगले कारागीर पॅरिसला आणि ॲम्स्टरडॅमला होते. त्यांची मजुरी केट्सबीला झेपणारी नव्हती. मग तो स्वतःच शिकला. लंडनमधले चित्रकार जोसेफ गूपी यांनी त्याला एचिंगचे धडे दिले.

एचिंगमध्ये तांब्याच्या गुळगुळीत पत्र्यावर मेणाचा पातळ थर चढवतात. त्यावर सुईनं रेघ ओढली की मेण निघून तांबं उघडं पडतं. मग पत्रा तेजाबात ठेवला की उघडं तांबं खाल्लं जातं आणि रेघेची खाच तयार होते. त्या खाचेत शाई भरून, वरची पुसून, ओलसर कागदावर दाब देऊन छाप उठवतात. छाया दाखवायला कसबी कारागीर आडव्या-उभ्या रेघांची जाळी विणत. केट्सबीनं ती रूढ रीत सोडली. त्याची सुई पिसाच्या दिशेनं चालली. मानेवरचं पीस जसं पडतं तशी रेघ, शेपटीचं जसं उतरतं तशी रेघ. वेळ जास्त लागला, पण पक्ष्याच्या अंगावर कोळ्याच्या जाळ्यासारखी रेघांची गर्दी झाली नाही आणि वर चढवलेला रंग स्वच्छ राहिला. त्या रंगकामावरही त्याचीच नजर असे.

आपण चित्रकार म्हणून घडलेलो नाही, यथादर्शनातल्या चुका पोटात घाला, असं त्यानं प्रस्तावनेत सांगितलं आहे. त्याच्या लगेच पुढे त्याचं ठाम मतही आहे: निसर्गविज्ञानासाठी सपाट पण अचूक चित्र हे झोकदार, कलाकारी चित्रापेक्षा उपयोगाचं. दोनशे वीस चित्रांपैकी अगदी थोडी वगळता सगळे पत्रे त्यानं स्वतः कोरले. जी वगळली त्यांत मोठ्या पांढऱ्या फुलाच्या मॅग्नोलियाचं चित्र येतं. ते जर्मनीतून आलेल्या गेऑर्ग डायोनिसियस एरेट यांचं. आपल्याकडच्या बागांत हिमचंपा म्हणून लावतात तेच हे झाड.

ग्रंथ हप्त्याहप्त्यानं निघाला. एका भागात 20 चित्रं, रंगीत भागाची किंमत दोन गिनी. पहिला भाग 1729 मध्ये रॉयल सोसायटीपुढे ठेवला गेला. पुरवणीसह अकरावा आणि शेवटचा भाग 1747 मध्ये. म्हणजे पूर्ण रंगीत ग्रंथ 22 गिनींना पडे. त्या काळच्या कारागिराला ती अनेक महिन्यांची मजुरी. मजकूर शेजारी शेजारी दोन स्तंभांत, इंग्रजी आणि फ्रेंच. पहिला खंड राणी कॅरोलाइन यांना अर्पण केलेला. 1733 मध्ये केट्सबी रॉयल सोसायटीचा फेलो झाला. कापडव्यापारी आणि बागप्रेमी पीटर कॉलिन्सन यांनी बिनव्याजी पैसे पुरवले नसते तर हे काम पुस्तकविक्रेत्यांच्या घशात गेलं असतं. केट्सबीचा बाकीचा चरितार्थ रोपवाटिकांवर चाले, आधी हॉक्स्टनला आणि पुढे फुलममध्ये क्रिस्टोफर ग्रे यांच्याकडे. अमेरिकेतली झाडं इंग्लंडच्या मातीत रुजवायची आणि त्यांच्या शेजारी बसून पत्रे कोरायचे, असे ते दिवस.

चित्र जवळून पाहताना

आता पंधराव्या चित्राकडे वळू. निळा जे पक्षी, म्हणजे आपल्या टकाचोराच्या कुळातला एक भांडखोर. तो स्मायलॅक्सच्या वेलीवर तिरका वाकला आहे. डोक्यावरचा तुरा ताठ उभा, चोच उघडी, आत जीभ दिसते. आवाज ऐकू यावा असं चित्र आहे. ज्या वेलीवर तो उभा आहे तिला काळी फळं लागली आहेत, आणि ती तो खातो हे शेजारच्या मजकुरात आहे. पक्षी, वेल आणि फळ या तिघांची एकच गोष्ट एका पानात सांगून होते.

पहिल्या चित्रात पांढऱ्या डोक्याचा गरुड झेपावतो आहे, आणि खाली एक मासा हवेत पडतो आहे. मासा पकडला होता ऑस्प्री या मासेखाऊ पक्ष्यानं. गरुडानं पाठलाग करून त्याला तो सोडायला लावला आणि आता पाण्यात पडायच्या आत तो झेलतो आहे. या गरुडाला पुढे अमेरिकेनं राष्ट्रचिन्हात बसवलं. केट्सबीनं त्याची लुटारू सवय त्याआधीच चित्रात पकडून ठेवली होती.

त्याच्या आधी इंग्रजी ग्रंथांत पक्षी बहुधा कोऱ्या कागदावर, नाहीतर एखाद्या कामचलाऊ फांदीवर बसवलेला असे. मारिया सिबिला मेरियन या जर्मन चित्रकर्तीनं 1705 मध्ये सुरिनामचे कीटक त्यांच्या झाडांसह दाखवले होते. पक्ष्यांच्या बाबतीत ते काम केट्सबीनं केलं. शक्य तिथं प्राण्याला तो ज्या झाडावर जगतो त्याच्याबरोबर दाखवण्याचा आपला हेतू त्यानं लिहूनच ठेवला आहे. परिसंस्था हा शब्द जन्माला यायला अजून दोनशे वर्षं होती.

सगळीच चित्रं या कसोटीला उतरत नाहीत. रोहिताच्या मागे झाडासारखं जे पसरलं आहे ते समुद्रतळाचं शिंगी पोवळं आहे. रोहित त्याच्याजवळ कधी उभा राहत नाही. बायसनच्या चित्रात प्रमाण पार सुटलं आहे: प्रचंड जनावर रॉबिनियाच्या बुंध्याला अंग घासतं आहे आणि फुलांची डहाळी त्याच्याएवढीच मोठी. बायसनची आकृतीही दुसऱ्या चित्रकाराच्या चित्रावरून घेतलेली. काही मासे आणि प्राणी 1585 च्या सुमाराच्या जॉन व्हाइटच्या जलरंगांवरून उतरवलेले आहेत. पण या उणिवा मोजल्यावरही जे उरतं ते फार मोठं आहे: 109 पक्षी, 46 मासे, 33 उभयचर आणि सरपटणारे प्राणी, 171 वनस्पती, आणि वर कीटक व चतुष्पाद.

पक्षी हिवाळ्यात जातात कुठं?

केट्सबीला नुसतं चित्र काढणारा मानलं तर त्याच्यावर अन्याय होईल. हिवाळ्यात पाकोळ्या, कोकिळा गायब होतात त्या कुठं जातात, यावर तेव्हा युरोपात नाना मतं होती. तळ्याच्या तळाशी चिखलात झोपतात, गुहांत पडून राहतात, असं भलेभले मानत. चार्ल्स मॉर्टन या इंग्रज पाद्र्यानं तर पक्षी चंद्रावर जातात असं गंभीरपणे मांडलं होतं.

1725 च्या सप्टेंबरमध्ये केट्सबी बहामातल्या अँड्रॉस बेटाजवळ एका गलबताच्या डेकवर रात्री पडून होता. वरून पक्ष्यांचे थवे जाताना ऐकू आले, लागोपाठ तीन रात्री. आवाज त्याच्या ओळखीचा होता: कॅरोलिनात भाताचा फडशा पाडणारा बोबोलिंक. क्युबातलं भात आधी पिकतं, ते खाऊन हे पक्षी उत्तरेला कॅरोलिनात येत असावेत, असा तर्क त्यानं केला. आज आपल्याला माहीत आहे की शरद ऋतूत बोबोलिंक दक्षिणेला, थेट दक्षिण अमेरिकेपर्यंत जातो. दिशा चुकली, पण पक्षी समुद्र ओलांडून, रात्री, थव्यांनी, खाण्याच्या शोधात जातात ही मूळ गोष्ट त्याला कळली होती. 1747 च्या मार्चमध्ये रॉयल सोसायटीपुढे वाचलेल्या निबंधात त्यानं चिखलातल्या आणि गुहेतल्या झोपेची कल्पना फेटाळून लावली आणि पक्षी उबदार देशांत स्थलांतर करतात हे ठासून मांडलं. थोर वर्गीकरणकार लिनियसही तेव्हा पाकोळ्यांच्या पाण्याखालच्या झोपेवर विश्वास ठेवून होता.

मागे उरलेलं

1747 मध्येच केट्सबीनं एलिझाबेथ रोलंड हिच्याशी लग्न केलं. 23 डिसेंबर 1749 रोजी लंडनच्या ओल्ड स्ट्रीटमागच्या घरात तो वारला. मागे पत्नी आणि दोन लहान मुलं. मिळकत म्हणायची तर ग्रंथाच्या उरलेल्या प्रती आणि तांब्याचे पत्रे. त्याच्याकडून एचिंग शिकलेले पक्षिचित्रकार जॉर्ज एडवर्ड्स यांनी 1754 ची दुसरी आवृत्ती हाती घेतली. मूळ जलरंग 1768 मध्ये राजा तिसरा जॉर्ज यांनी 120 पौंडांना विकत घेतले. ते आजही विंडसरच्या राजसंग्रहात आहेत. त्यानं पाठवलेली वाळवलेली पानं ऑक्सफर्डला आणि लंडनच्या नॅचरल हिस्टरी म्युझियममध्ये जपलेली आहेत.

लिनियसनं 1758 आणि 1766 मध्ये अमेरिकी पक्ष्यांना लॅटिन नावं दिली, तेव्हा त्यातले कित्येक त्यानं डोळ्यांनी पाहिलेले नव्हते. त्याच्यासमोर केट्सबीचं चित्र होतं. नाव लिनियसचं आणि पुरावा केट्सबीचा, असा तो करार. अमेरिकेच्या मोठ्या बेडकाच्या शास्त्रीय नावात मात्र केट्सबी अजून आहे: लिथोबेट्स कॅट्सबियानस.

केट्सबीच्या चित्रांचं मोल पुढच्या काळानं दुःखद रीतीनं वाढवलं. त्यानं अकराव्या चित्रात सायप्रसच्या फांदीवर पिवळ्या डोक्याचा हिरवा पोपट काढला. अमेरिकेच्या पूर्व भागातला एकमेव देशी पोपट, कॅरोलिना पॅराकीट. सायप्रसच्या बिया तो आवडीनं खातो, सफरचंदाच्या बागांत शिरून आतल्या बियांसाठी फळं फोडतो आणि त्याची आतडी खाऊन मांजरं मरतात, अशा नोंदी त्यानं केल्या. फळबागांचे मालक या पोपटांना गोळ्या घालत. एक पडला की थवा पळून जाण्याऐवजी त्याच्याभोवती घिरट्या घाली आणि सगळा मारला जाई. शेवटचा ज्ञात पोपट 1918 मध्ये सिनसिनाटीच्या प्राणिसंग्रहालयात मेला.

सोळावं चित्र हस्तिदंती चोचीच्या सुतार पक्ष्याचं. केट्सबी सांगतो की उत्तरेकडच्या इंडियन टोळ्या या चोचींचे मुकुट करत आणि एका चोचीसाठी दोन-तीन हरणांची कातडी मोजत. जुनी जंगलं तुटली आणि पक्षी गेला. सर्वमान्य असं शेवटचं दर्शन लुइझियानातलं, 1944 चं. तेविसावं चित्र पॅसेंजर पिजनचं, म्हणजे प्रवासी पारव्याचं, ओकच्या फांदीजवळ. व्हर्जिनियात या पारव्यांचे थवे सलग तीन दिवस खंड न पडता डोक्यावरून जाताना आपण पाहिले, त्यांच्या भारानं ओकच्या फांद्या मोडत, असं तो लिहितो. त्या अगणित पक्ष्यांतली शेवटची मादी, मार्था, 1 सप्टेंबर 1914 रोजी त्याच सिनसिनाटीत मेली.

आज या तिघांची पेंढा भरलेली शरीरं संग्रहालयांत आहेत. पण काचेमागच्या पक्ष्याला झाड नसतं. तो काय खात होता, कुठल्या पानांत बसत होता, माणसं त्याला कशासाठी मारत होती, हे सगळं एका जागी ज्यानं मांडून ठेवलं तो चित्रकलेचं रीतसर शिक्षण नसलेला, उधारीवर जगणारा एक माणूस होता. अचूकतेला देखणेपणाच्या वर ठेवणं ही त्याची निवड होती, आणि माझ्या मते निसर्गचित्राच्या इतिहासात तिच्याइतकी योग्य निवड दुसरी झाली नाही.

केट्सबीचा संपूर्ण ग्रंथ बायोडायव्हर्सिटी हेरिटेज लायब्ररीच्या संकेतस्थळावर कुणालाही विनामूल्य पाहता येतो. दिवाळीच्या सुटीत घरातल्या मुलांना घेऊन बसा आणि तो उघडा. नंतर त्यांच्या हातात एक कोरी वही द्या आणि अंगणात, गच्चीवर, समोरच्या झाडावर येणारा एक पक्षी त्या झाडासकट काढायला सांगा. चित्र चांगलं यायची गरज नाही, खरं यायला हवं. खाली तारीख, गावाचं नाव आणि तो पक्षी काय खात होता ते लिहायला विसरू देऊ नका.